मक्याचं कणीस आणि मसाला बटर: लावायचं नेमकं कधी?

प्रश्न थोडक्यात असा आहे. विचारणारे घरच्या ग्रिलवर मक्याची कणसं भाजतात. बटरमध्ये लाल तिखट, लसूण, मिरपूड आणि चिमूटभर साखर कालवतात, ते सोललेल्या कणसांना आधी भरपूर चोपडतात आणि मग कणसं जाळीवर ठेवतात. दोन मिनिटांत ज्वाळा उठतात, मसाला काळा पडतो, दाणे वरून करपतात आणि खाताना आत चिवट लागतात. बटर कमी पडतंय का, मसाल्याचं प्रमाण चुकतंय का, कणसं आधी उकडावीत की पानांसकट भाजावीत, असं त्यांनी विचारलं आहे.

बटर पुरेसं आहे. मसालाही साखर सोडली तर ठीक आहे. अडचण क्रमाची आहे. कणीस भाजणं आणि त्याला चव लावणं ही दोन कामं तुम्ही एकाच वेळी उरकायला बघताय, आणि त्या दोन कामांना लागणारं तापमान अजिबात जुळत नाही. मी केटरिंगमध्ये ग्रिलचं काउंटर सांभाळतो, कणसांचा ढीग समोर असणं हे रोजचंच. आमच्याकडे एक गोष्ट ठरलेली आहे: कणीस जाळीवर असेपर्यंत बटरचा डबा बंद.

याचं कारण बटरमध्येच आहे. बटर म्हणजे निव्वळ स्निग्ध पदार्थ नव्हे. त्यात साधारण ८० ते ८२ टक्के स्निग्धांश असतो, १६ ते १८ टक्के पाणी असतं आणि उरलेला एक-दोन टक्के भाग दुधातली प्रथिनं आणि दुधातली साखर यांचा. हा शेवटचा एवढासा भागच सगळा घोळ घालतो. १२० अंश सेल्सिअसच्या पुढे तो तांबूस व्हायला लागतो, तोवर वास छान असतो. पण १५० च्या आसपास तो धुरायला लागतो, आणि तापलेली जाळी सहज २०० ते २५० अंशांवर असते. म्हणजे बटर जाळीला टेकलं की जळणारच, तुम्ही कितीही चांगल्या प्रतीचं आणा. त्यात तिखट आणि लसूण असेल तर ते बटरच्याही आधी जळतात. फोडणी करपली की पुढे काहीही घातलं तरी कडवटपणा जात नाही, तसंच इथे होतं.

दुसरी गोष्ट गळतीची. बटर ३५ अंशांपर्यंत जवळजवळ पूर्ण वितळून जातं. कच्च्या दाण्याची साल गुळगुळीत असते, तिला बटर धरून राहत नाही. जाळीवर ठेवल्याबरोबर ते वितळून निखाऱ्यांवर टपकतं, भडका उठतो आणि त्याची काजळी परत कणसावरच बसते. बऱ्याच जणांना ही काजळी म्हणजे 'स्मोकी' चव वाटते. ती तशी नसते, जिभेवर तेलकट आणि कडसर रेंगाळते. तुम्ही लावलेल्या बटरपैकी बराचसा वाटा असा आगीतच गेला, म्हणून तुम्हाला ते कमी पडल्यासारखं वाटलं.

आता चिवटपणाचं बघू. हे मात्र परिस्थितीवर अवलंबून आहे, आणि तुमचं कणीस न बघता मी ठाम सांगू शकत नाही. पण ओळखायची खूण सांगतो. दाणा दाताखाली कच्च्या भाजीसारखा कचकच करत असेल आणि रस पाणचट असेल, तर आच फार जास्त होती, आत उष्णता पोचायच्या आधी बाहेरचं जळलं. दाणा पिठूळ लागत असेल आणि साल दातात अडकत असेल, तर कणीसच जून होतं किंवा फार वेळ मंद आचेवर सुकलं. पहिल्या प्रकारावर उपाय आहे. दुसऱ्यावर अर्धाच.

जून कणीस घेतानाच ओळखता येतं. पान थोडं बाजूला करून मधल्या भागातल्या एका दाण्यात अंगठ्याचं नख रुतवा. पांढरा दुधासारखा चीक उडाला तर कणीस भाजायला अगदी योग्य. स्वच्छ पाणी आलं तर अजून भरायचं आहे. चिकाऐवजी पिठाचा लगदा आला किंवा नख आत जातच नसेल, तर ते जून झालंय. शेंड्याचे केस वरून तपकिरी आणि किंचित चिकट असावेत, पूर्ण कोरडे आणि ठिसूळ नकोत. देठाचा कापलेला भाग पांढरट आणि ओलसर दिसला तर कणीस ताजं आहे, काळपट-सुकलेला असेल तर तोडून बरेच दिवस झालेत.

ताजेपणाला मी इतकं महत्त्व देतो कारण कणीस तोडल्यावरही दाण्यातलं काम थांबत नाही. साखरेचं पिष्ट होत राहतं, आणि हवा जितकी गरम तितकं ते झपाट्याने होतं. म्हणून कणसं पानांसकट घ्यावीत, फ्रिजमध्ये ठेवावीत आणि शक्य तितक्या लवकर संपवावीत. आता एक सवलत मिळालेली आहे. इलिनॉय विद्यापीठातले जॉन लॉफनन यांनी १९५० च्या दशकात मक्यातल्या एका जनुकाचा अभ्यास करून अतिगोड वाण पुढे आणले. या वाणांत साखर मुळात जास्त असते आणि तिचं पिष्ट फार हळू होतं, त्यामुळे अशी कणसं काही दिवसांनीही गोड लागतात. पण ग्रिलवर त्याचा एक परिणाम असा की साखर जास्त म्हणून दाणा रंगही लवकर धरतो आणि करपतोही लवकर. स्वीट कॉर्न म्हणून मिळणारं कणीस खूप गोड असेल तर आच एक पायरी खाली ठेवा. धान्यासाठी लावलेल्या साध्या मक्याचं कोवळं कणीस असेल तर नेमकं उलटं: त्यात पिष्ट जास्त, गोडवा कमी, आणि गार झालं की ते लगेच घट्ट होतं. ते भाजून झाल्याबरोबर खायचं.

तुमच्या पर्यायांकडे येतो.

पानांसकट भाजणं म्हणजे खरं तर वाफवणं. पानांच्या आत दाण्याचा स्वतःचा ओलावा कोंडला जातो आणि त्या वाफेत दाणे शिजतात. १५ ते २० मिनिटं लागतात. पानं उघडताक्षणी जो भपकन वास येतो तो शिजलेल्या मक्याचा खास वास, डायमिथाइल सल्फाइड नावाच्या संयुगाचा, आणि पानांमुळे तो आतच राहिलेला असतो. दाणे रसाळ राहतात, कणसाचे केसही अलगद निघून येतात. पण खरपूसपणा जवळजवळ नाहीच. लोक कणसं पानांसकट अर्धा तास पाण्यात भिजवतात, ते दाण्यात पाणी मुरावं म्हणून नव्हे. दाण्यात फारसं काही मुरत नाही, फक्त पानं पेट घ्यायला उशीर लागतो. फॉइलमध्ये गुंडाळणंही वाफवणंच आहे, शिवाय पानांचा वास नाही. गर्दीच्या वेळी कणसं गरम ठेवायला फॉइल उपयोगी पडतं, एरवी मला त्यात काही गंमत वाटत नाही.

सोलून थेट जाळीवर भाजणं मला सगळ्यात आवडतं, आणि तुमच्या मनात जी चव आहे ती बहुधा हीच. दाण्याच्या पृष्ठभागावर पाणी असेपर्यंत तापमान १०० अंशांच्या वर जात नाही. ते उडालं, पृष्ठभाग १४० च्या पुढे गेला, की प्रथिनं आणि साखर मिळून तो खमंग तपकिरी रंग आणि वास तयार होतो. वाफेत हे घडू शकत नाही.

आधी उकडणं? कोवळ्या, ताज्या कणसाला गरज नाही. आतला पिष्ट साधारण ६२ ते ७२ अंशांत फुगून मऊ होतो, आणि दहा मिनिटांच्या नीट भाजण्यात दाणा त्याच्या बराच पुढे जातो. कणीस जून असेल किंवा एकदम पन्नास माणसांना वाढायचं असेल तर मात्र मीही आधी उकळत्या पाण्यात चार-पाच मिनिटं काढतो, कापडाने पूर्ण कोरडं करतो आणि मग तेज आचेवर फक्त रंगापुरतं फिरवतो. कोरडं करणं विसरलात तर पहिली तीन मिनिटं ते पाणी उडवण्यातच जातील.

केसांबद्दल सांगतो, कारण करपट वासाचं निम्मं कारण तिथे असतं. कणसाचा प्रत्येक केस एकेका दाण्याला जोडलेला असतो, म्हणजे शेकड्याने केस. दाण्यांच्या ओळींमधल्या खाचांत ते अडकून राहतात आणि आगीवर पहिल्यांदा तेच जळतात. ओलसर कापडाने कणीस शेंड्याकडून देठाकडे घट्ट पिळल्यासारखं पुसा, किंवा मऊ ब्रश खाचांतून फिरवा. या ओळी नेहमी सम संख्येत असतात, बारा, चौदा, सोळा अशा, कारण मक्याच्या कणसावरची छोटी कणिशं जोडीजोडीने येतात. मोजून बघायला मजा येते, मुलांना कामाला लावायला तर उत्तमच.

सोलताना सगळी पानं तोडू नका. मागे वळवा, देठापाशी एका पानानेच बांधा, धरायला मूठ तयार होते. ती मूठ आगीबाहेर राहील असं कणीस ठेवायचं.

आता आग. कोळसा असेल तर ज्वाळा पूर्ण बसू द्या आणि निखाऱ्यांवर राखेचा करडा-पांढरा थर येऊ द्या. निखारे सगळीकडे सारखे पसरू नका. एका बाजूला दाट, दुसऱ्या बाजूला जवळजवळ मोकळी जागा, म्हणजे एखादं कणीस फार पुढे गेलं तर सरकवायला ठिकाण मिळतं. गॅसचं ग्रिल असेल तर झाकण लावून दहा-पंधरा मिनिटं तापवा. आच मोजायला थर्मामीटर नको. तळहात जाळीच्या १०-१२ सेंटीमीटर वर धरा. तीन-चार सेकंदांत मागे घ्यावासा वाटला तर आच बरोबर आहे. एका सेकंदात घेतलात तर थांबा.

कणसाला जाळीवर ठेवण्याआधी बिनवासाचं तेल, एका कणसाला अर्धा चमचा, हाताने चोळायचं. चमकलं पाहिजे, ओघळलं नाही पाहिजे. तेलामुळे उष्णता सगळीकडे सारखी पोचते आणि दाणे सुरकुतत नाहीत. बटरचाच स्वाद आगीवर हवा असेल तर तेलाऐवजी तूप घ्या. तुपातून पाणी आणि दुधाचे घन घटक आधीच निघून गेलेले असतात, त्यामुळे ते २३० अंशांच्या पुढेही टिकतं. या टप्प्यावर मीठ, मसाला काहीही नाही.

ठेवल्यावर सारखं फिरवत बसू नका. दर दोन मिनिटांनी पाव वळण, मध्ये हात लावायचा नाही. एकूण १० ते १२ मिनिटं. झाकण असेल तर लावा, कारण कणीस गोल असल्याने जाळीला एका वेळी जेमतेम दोन-तीन ओळीच टेकतात, बाकीच्यांना वरून उष्णता मिळायला हवी.

घड्याळापेक्षा दाण्याकडे बघायची सवय लावा. कच्चा दाणा फिकट आणि दुधट दिसतो, त्याच्या आरपार काही दिसत नाही. चार-पाच मिनिटांत रंग गडद पिवळा होतो आणि दाणा काचेसारखा होऊन टम्म फुगतो. शेजारशेजारच्या दाण्यांमधली फट नाहीशी होते. मग साल ताणली जाते आणि दाण्याच्या माथ्यावर तपकिरी ठिपका उमटतो, आधी मोहरीएवढा, मग पसरतो. आवाजही बदलतो. सुरुवातीला नुसती चुरचुर असते, पाणी उडतंय त्याची. ती मंदावली आणि मध्येच एखादा दाणा फट्‌कन फुटला की समजायचं, होत आलंय. अंदाजे एक तृतीयांश दाण्यांवर डाग दिसले की मी उतरवतो. सगळे दाणे तपकिरी होण्याची वाट बघितलीत तर पहिले डागलेले तोवर सुकून आक्रसतात. माथ्यावर खळगा दिसायला लागला म्हणजे उशीर झाला.

मसाला बटर आदल्या दिवशीच करून ठेवलेलं बरं. सात-आठ कणसांना १०० ग्रॅम पुरतं. बिनमिठाचं घ्या, म्हणजे मीठ आपल्या हातात राहतं. घरचं लोणी असेल तर तेही चालेल, पण त्यातलं पाणी चांगलं दाबून काढा, नाहीतर मसाला एकजीव होत नाही. या १०० ग्रॅमपैकी एक मोठा चमचा बटर छोट्या भांड्यात मंद आचेवर वितळवा. फेस बसला की किसलेल्या लसणाची एक लहान पाकळी घाला, कच्चा वास गेला की भांडं खाली उतरवा आणि मगच एक छोटा चमचा लाल तिखट, अर्धा चमचा भाजलेल्या जिऱ्याची पूड आणि पाव चमचा मिरपूड घाला. अर्धा मिनिट ढवळा. तिखटाचा लाल रंग आणि झणझणीतपणा दोन्ही स्निग्धात विरघळतात, पाण्यात नाही, म्हणून ही अर्ध्या मिनिटाची ऊब महत्त्वाची. कोरडं तिखट थंड बटरमध्ये नुसतं कालवलं तर चव पिठासारखी राहते आणि रंग ठिपक्याठिपक्यांत दिसतो. हे मिश्रण पूर्ण गार झालं की उरलेल्या मऊ बटरमध्ये घोटा, वर अर्धा चमचा किसलेली लिंबाची पिवळी साल आणि अर्धा चमचा बारीक मीठ. मीठ स्निग्धात विरघळत नाही, बटरमधल्या पाण्याच्या थेंबांत विरघळतं, म्हणून ते बारीकच हवं. खड्यांचं मीठ दाताखाली करकरतं.

साखर मी घालत नाही. मक्यात ती आहेच, आणि आगीवर ती सगळ्यांच्या आधी काळी होते. तुम्हाला गोडसर हवंच असेल तर बटर उतरवल्यावर लागणार असल्यामुळे थोडी चालून जाईल, पण माझं मत विचाराल तर मक्याच्या गोडव्याला आंबट आणि तिखट लागतं, आणखी गोड नाही. लिंबाचा रसही बटरमध्ये नको. तो सुटून तळाशी जातो. सालीने वास येतो, रस खाणाऱ्याने खाताना पिळावा.

लावण्याची पद्धत हीच सगळ्यात दुर्लक्षित गोष्ट. बटर वितळवून ब्रशने लावतात, आणि ते ताटलीत जमा होतं. बटर मऊ असावं, बोट सहज रुतेल इतकं, पण वितळलेलं नको. कणीस जाळीवरून उतरल्यापासून एका मिनिटाच्या आत निम्मं बटर लावा. गरम दाण्यावर ते हळूहळू वितळतं आणि ओळींमधल्या खाचांत उतरतं. दोन मिनिटं थांबा. आता कणसाचा पृष्ठभाग जरा निवलेला असतो, उरलेलं निम्मं लावा. हे दुसरं बटर ओघळत नाही, वर मुलायम थर होऊन बसतं आणि पहिल्या घासाला तेच जाणवतं. मीठ कमी वाटलं तर आत्ता चिमूटभर भुरभुरवा.

आगीचा आणि बटरचा थोडा संगम हवाच, असं काही जण म्हणतात, आणि त्यात तथ्य आहे. जरा तांबूस झालेल्या बटरला खमंग वास असतो. तेवढ्यासाठी कणीस मोकळ्या बाजूला घ्या, जिथे खाली निखारे नाहीत, बटरचा अगदी पातळ हात फिरवा आणि जास्तीत जास्त एक मिनिट ठेवा. यात लसूण असलेलं बटर वापरू नका, साधं वापरा. मसाल्याचं उतरवल्यावर.

पाहुणे जास्त असतील तर भाजलेली कणसं बटर न लावता झाकणाच्या भांड्यात, जाड कापडात गुंडाळून ठेवता येतात. अर्धा तास आरामात गरम राहतात. डाग जरा मऊ पडतात, पण वाढायच्या आधी तेज आचेवर मिनिटभर फिरवलं की पुन्हा कोरडे होतात. मग बटर. आधीच बटर लावून ठेवलेली कणसं मात्र थंड झाल्यावर पांढरट, मेणासारखी दिसतात आणि पुन्हा गरम करायला गेलात तर परत तीच गळती आणि तोच भडका.

बटर उरलं तर बटर पेपरमध्ये सुरळी करून फ्रीझरमध्ये ठेवा, लागेल तशी चकती कापता येते. त्यात लसूण असल्यामुळे बाहेर ओट्यावर रात्रभर ठेवू नका, आणि फ्रिजमध्ये असेल तर तीन-चार दिवसांत संपवा. ज्या वाटीत कणसाला लावलेला ब्रश बुडवला त्या वाटीतलं बटर मूळ डब्यात परत टाकायचं नाही, म्हणून मी लावण्यापुरतं वेगळं काढूनच घेतो.